मामाच्या सीड्यांवरचे सगळे पिक्चर बरोबर ७०० एमबीचेच का आहेत?

सायली_साताऱ्याची

नमस्कार मंडळी, साताऱ्याचं आजोळचं घर रिकामं करतोय, तर माळ्यावर मामाची एक पत्र्याची पेटी निघाली. मामा २००१ ते २००५ पुण्यात इंजिनियरिंगला होता, आता कॅनडात असतो. पेटीत एक मोडेम, एक टीव्ही ट्यूनर कार्ड आणि सीडीचे दोन स्पिंडल, शंभरेक सीड्या सहज असतील, जवळपास प्रत्येकीवर मार्करने पिक्चरचं नाव आणि काहींवर डिस्क १, डिस्क २ असं. आई म्हणाली भंगारवाल्याला दे, मला देववेना, म्हणून ऑफिसमधल्या एकाकडून यूएसबीचा सीडी ड्राइव्ह आणला आणि दोन रविवार त्यात घातले.

तर झालंय असं की जवळपास प्रत्येक फाइल ६९८, ६९९, ७०० एमबी अशीच आहे. दीड तासाचा इंग्रजी पिक्चर पण ७०० आणि पावणेतीन तासाचा हिंदी पण ७००, हे कसं काय? आणि हिंदीवाला जरा वाईट दिसतो, अंधाराच्या सीनमधे तर नुसते चौकोन चौकोन. काही फाइल्सना आवाज येतो पण चित्र काळं. एक फाइल चालू होते पण पुढे ढकलता येत नाही, ढकललं की पहिल्यापासून. एकीत मधेच सगळ्यांचे चेहरे हिरवे-राखाडी होऊन वितळल्यासारखे वाहायला लागतात आणि थोड्या वेळाने आपोआप नीट होतात, घाबरलेच मी. काही सीड्यांवर पिक्चरची फाइलच नाही, नुसतं एमपीईजीएव्ही नावाचं फोल्डर. आणि एका सीडीवर तर एका पिक्चरचे बारीक बारीक तुकडे आहेत, एक आरएआर आणि पुढे आर००, आर०१ करत आर४७ पर्यंत, उघडायला गेलं की एरर.

मामाला विचारलं तर म्हणतो "मोठी स्टोरी आहे, आल्यावर सांगतो", म्हणजे दोन वर्षं गेली. इथे कुणाला माहिती आहे का?

जुनाट_पेंटियम

सायली, ७०० एमबी ही पिक्चरची साइज नाहीच, सीडीची आहे. अंथरूण पाहून पाय पसरावे म्हणतात ना, इथे अंथरूण सगळ्यांना सारखंच, मग पिक्चर उंच असो की बुटका, पाय दुमडून त्यातच झोपवायचा.

हिशोब साधा आहे. ८० मिनिटांची कोरी सीडी, सेकंदाला ७५ सेक्टर, म्हणजे एकूण ३,६०,००० सेक्टर आणि डेटा भरताना एका सेक्टरमधे २०४८ बाइट. गुणून बघ, ७०३ एमबी येतात. वरचे तीन एमबी इकडेतिकडे सोडले की तुझे ७००. हार्ड डिस्क तेव्हा २० नाहीतर ४० जीबीची, त्यात विंडोज, गेम्स, गाणी, प्रोजेक्ट सगळं, त्यामुळे पिक्चर आला की सीडीवर बर्न करायचा आणि डिस्कवरून उडवायचा हाच रिवाज. ७१० एमबीची फाइल आली असती तर लोकांनी शिव्या घातल्या असत्या.

एमपीईजीएव्ही फोल्डर असलेल्या सीड्या म्हणजे व्हीसीडी. आत बघ, एव्हीएसईक्यू०१ नावाची डॅट फाइल असेल, ती व्हीएलसी नावाच्या फुकट प्लेयरमधे सरळ टाक, चालेल. तो वेगळा आणि जुना प्रकार, १९९३ चा. फिलिप्स, सोनी, मात्सुशिता आणि जेव्हीसी यांनी मिळून ठरवलेला. त्यात एमपेग-१ हे कॉम्प्रेशन, पॅल (आपल्याकडच्या टीव्हीची पद्धत) असेल तर ३५२ × २८८ चं चित्र. गंमत अशी की एमपेग-१ बनवतानाच डोळ्यासमोर साध्या सीडी ड्राइव्हचा वेग होता, सेकंदाला दीड मेगाबिटच्या आत बसवा असं. म्हणून व्हीसीडीत एमबी मोजत नाहीत, मिनिटं मोजतात. ऑडिओ सीडी जितकी मिनिटं तितकीच व्हीसीडी, ७४ नाहीतर ८०. आपले पिक्चर अडीच-तीन तासांचे, त्यामुळे दोन डिस्क नाहीतर तीन, आणि एक डिस्क नेमकी गाण्याच्या मधे संपणार आणि घरातला सगळ्यात धाकटा उठून ती बदलणार. आमच्याकडे तो मी होतो.

अजून एक, त्याच सीडीवर व्हीसीडी भरली तर ८०० एमबीच्या आसपास मावतं. कारण व्हिडिओत एखादा बाइट चुकला तर चित्राचा तुकडा क्षणभर बिघडेल, एक्सेल शीटमधे चुकला तर पगार बिघडेल, म्हणून व्हीसीडीत चुका दुरुस्त करायची जागा पण व्हिडिओलाच देऊन टाकतात आणि सेक्टरमधे २०४८ च्या जागी २३२४ बाइट बसतात. तुझ्या पेटीतल्या व्हीसीड्यांवर ओरखडे असतील तर त्या आधी कॉपी करून घे.

रात्रपाळी_२_ते_८

ओ सायलीताई, तुमचा मामा थोर माणूस आहे, पेटी भंगारात देऊ नका.

कॉम्प्रेशनचं जाणकार सांगतील, मी फक्त ह्या ७०० एमबीचं वजन किती होतं ते सांगतो, कारण आत्ताच्या पोरांना वाटतं ७०० एमबी म्हणजे दोन मिनिटं. ५६के मोडेमवर खरा वेग मिळायचा सेकंदाला चार नाहीतर पाच केबी. पाच धरला तरी एका पिक्चरला सलग चाळीस तास, आणि तेवढा वेळ घरचा फोन एंगेज, आणि मधेच आत्याने फोन उचलला की कनेक्शन तुटलं. कोण करतंय? तुमच्या मामाच्या वेळी पिक्चर डाउनलोड व्हायचे नाहीत, ते यायचे. म्हणजे कुणाच्या तरी भावाच्या ऑफिसात, नाहीतर होस्टेलच्या लॅनवर कुणीतरी एकदा उतरवायचा आणि मग तो सीडीवरून पन्नास रूमला जायचा. शंभर सीड्या म्हणजे निम्मं होस्टेल त्यात असणार.

आमच्या वेळी, म्हणजे २००५ नंतर, ब्रॉडबँड आलं. बीएसएनएलचा तो नाइट अनलिमिटेडवाला प्लॅन आठवतोय का कुणाला, रात्री २ ते सकाळी ८ फुकट, बाकीच्या वेळेला एमबीला पैसे. वेग २५६ केबीपीएस, लोक म्हणायचे २५६ चा स्पीड आहे आणि खाली तर तीसच दिसतंय, फसवलं. फसवलं नव्हतं, ते किलोबिट आणि हे किलोबाइट, आठाने भागायचं. आता तीस केबीने ७०० एमबीला किती लागतात, साडेसहा तासाच्या वर. आणि खिडकी सहा तासांची! म्हणजे नेमका पिक्चर ९० टक्क्यांना आला की आठ वाजणार. मी ७:५५ चा गजर लावायचो, दात घासायच्या आधी टॉरेंट बंद. एकदा झोप लागली आणि महिन्याच्या बिलावरून वडिलांनी जे ऐकवलं ते अजून ऐकू येतंय. २००७ ला त्यांनी २ एमबीपीएस केलं तेव्हा वाटलं स्वर्ग खाली आला, तासाभरात एक पिक्चर, पहाटेपर्यंत पाच.

त्या पुढे न सरकणाऱ्या फाइलचं मला माहितीये. ह्या पिक्चरच्या फाइल एव्हीआय प्रकारच्या, आणि एव्हीआयची अनुक्रमणिका फाइलच्या शेवटी असते, कुठला सीन कुठे ते त्यात. डाउनलोड अर्धवट राहिलं की शेवट नाही म्हणजे अनुक्रमणिका नाही, म्हणजे प्लेयरला कुठे उडी मारायची कळत नाही. व्हीएलसीत उघडलं की तो विचारतो इंडेक्स नव्याने बनवू का, हो म्हणा, बनवतो. फक्त पिक्चरचा शेवट तुम्हाला कळणार नाही, मामाला पण कळला नसणार.

दोन_पास

चौकोनांचं मी सांगतो. मी त्या काळी हे उद्योग केलेत (स्वतःच्या विकत घेतलेल्या डीव्हीडींवर, असं लिहून ठेवतो), त्यामुळे जरा लांबेल.

आधी कॉम्प्रेशन कशासाठी ते बघा. डीव्हीडीच्या आकाराचं चित्र, ७२० × ५७६, काहीही न दाबता ठेवलं तर एक फ्रेम सहा लाख बाइटच्या वर. सेकंदाला २५ फ्रेम, अडीच तासांचा पिक्चर, एकूण १४० जीबी. ते ७०० एमबीत कोंबायचं म्हणजे दोनशे पट दाबायचं. दोनशे पोती धान्य एका पोत्यात, आणि वर बघणाऱ्याला कळता कामा नये.

यातलं अर्धं काम एकसारख्याच युक्तीने होतं. चित्राचे ८ × ८ ठिपक्यांचे चौकोन करायचे आणि प्रत्येक चौकोनात ६४ ठिपके लिहिण्याऐवजी "साधारण उजेड एवढा, डावीकडून उजवीकडे असा बदलतो, त्यावर बारीक नक्षी एवढी" असं लिहायचं. डोळ्याला बारीक नक्षी फारशी दिसत नाही, ती आधी उडवायची. याला डीसीटी म्हणतात, आणि ही युक्ती काढणाऱ्यांत पहिलं नाव नासिर अहमद यांचं, जन्म बंगळुरूचा, पुढे अमेरिकेत कॅन्ससला प्राध्यापक. नटराजन आणि राव यांच्याबरोबरचा त्यांचा पेपर १९७४ चा. त्याआधी १९७२ ला त्यांनी या कामासाठी अमेरिकेच्या नॅशनल सायन्स फाउंडेशनकडे पैसे मागितले होते, मिळाले नाहीत. जेपेग फोटो, व्हीसीडी, डीव्हीडी, डिव्हएक्स, सगळं त्याच पायावर उभं आहे. सायलीला अंधारात दिसलेले चौकोन म्हणजे हेच, नक्षी इतकी उडवली की नुसत्या विटा उरल्या.

उरलेलं अर्धं काम म्हणजे प्रत्येक फ्रेम पूर्ण न लिहिणं. एक पूर्ण फोटो लिहायचा, तो कीफ्रेम, आणि पुढच्या फ्रेममधे फक्त "मागच्यातला हा तुकडा जरा उजवीकडे सरकव, इथे एवढा फरक" असं. हिरो बोलतोय आणि मागे भिंत आहे तर भिंतीचा काही खर्चच नाही. पण सीडीवर ओरखडा आला आणि नेमकी कीफ्रेम वाचता आली नाही तर? पुढच्या सगळ्या फ्रेम सरकव सरकव म्हणत राहतात, पण सरकवायला मूळ चित्रच नाही, मग राखाडी पाटीवर हलणाऱ्या ओठांच्या रेघा दिसतात. तेच तुझे वितळलेले चेहरे. एक्सव्हिडमधे (तेव्हा पिक्चर दाबायला वापरायचे ते एक सॉफ्टवेअर) दोन कीफ्रेममधलं अंतर जास्तीत जास्त ३०० फ्रेम ठेवायची पद्धत होती, म्हणजे २५ च्या वेगाला १२ सेकंद. घड्याळ लावून बघ, जास्तीत जास्त तेवढ्यात ठीक होत असेल.

आता पावणेतीन तासाचा हिंदी पिक्चर. ७०० एमबी भागिले वेळ. दीड तासाचा इंग्रजी असेल तर सेकंदाला १०८७ किलोबिट मिळतात, आवाजाला १२८ द्या, चित्राला साडेनऊशे उरतात, मस्त. पावणेतीन तासाच्या पिक्चरला एकूणच ५९३, आवाज वजा केला की चित्राला ४६५. निम्म्याहून कमी. आणि वर आपल्या पिक्चरमधे गाणी! पावसाचं गाणं हा एन्कोडरचा, म्हणजे पिक्चर दाबणाऱ्या सॉफ्टवेअरचा, शत्रू नंबर एक, प्रत्येक थेंब प्रत्येक फ्रेममधे नव्या जागी, मागचं सरकवून काही उपयोग नाही. त्यानंतर होळीचा गुलाल, मग शंभर माणसं आणि टिकल्यांचे कपडे. म्हणून दोन पास. पहिल्या पासमधे सॉफ्टवेअर अख्खा पिक्चर बघून फक्त नोंद करतं कुठे किती अवघड आहे, दुसऱ्यात वाटणी करतं, आईच्या रडण्यातून काढून गाण्याला द्यायचं. माझ्या पेंटियमला दोन पास मिळून पूर्ण रात्र लागायची, उन्हाळ्यात डबा उघडून समोर टेबल फॅन. शेवटच्या नावांच्या पट्टीला तर आम्ही मुद्दाम कमीत कमी बिट द्यायचो. कॅमेरामनपासून स्पॉटबॉयपर्यंत सगळ्यांची नावं धूसर करून दोन-चार एमबी वाचवायचे. आज लिहिताना जरा वाईट वाटतंय.

फाइलची रुंदी-उंची बघ सायली. बऱ्याच ६४० × २७२ असतील. रुंद पडद्याच्या पिक्चरला ६४० ला उंची २७२ च्या किंचित वर येते, आणि २७२ ला १६ ने नेमका भाग जातो. कोडेक, म्हणजे चित्र दाबणारा आणि परत उलगडणारा प्रोग्रॅम, १६ × १६ च्या चौकटीत काम करतो, भाग गेला नाही तर कडेची चौकट अर्धी वाया. बिट इतके महाग होते की असल्या गोष्टींवर लोक रात्र रात्र भांडायचे.

सायली_साताऱ्याची

बाप रे. बघितलं आत्ता, ६४० × २७२ च आहे!! आणि वितळणं ८ सेकंद चाललं. पण मग ते आवाज येतो चित्र नाही त्याचं काय? आणि डिव्हएक्स आणि एक्सव्हिड एकच का वेगळं, मामाने काही सीड्यांवर डीआय आणि काहींवर एक्सव्ही लिहिलंय.

दोन_पास

चित्र काळं म्हणजे तुझ्या प्लेयरकडे तो कोडेक नाही. एव्हीआय ही नुसती पिशवी, आत काय आहे ते चार अक्षरांच्या कोडने कळतं. आवाज बहुतेक एमपी३ असतो, तो सगळ्यांना येतो, चित्राचं कुलूप वेगळं. बहुतेक त्या सगळ्यात जुन्या फाइल असतील, डीआयव्ही३ कोडच्या. व्हीएलसी स्वतःचे कोडेक घेऊन येतो, त्यात बघ.

त्या डीआयव्ही३ ची गोष्ट भारी आहे. मायक्रोसॉफ्टने स्वतःचा एक एमपेग-४ कोडेक काढला होता पण तो त्यांच्या एएसएफ फाइलपुरता बांधून ठेवला, एव्हीआयमधे वापरता येऊ नये म्हणून. फ्रान्समधल्या जेरोम रोता नावाच्या माणसाने, नेटवर गेज म्हणायचे त्याला, ती गाठ सोडवली आणि तो कोडेक एव्हीआयसाठी खुला करून टाकला. नाव ठेवलं डिव्हएक्स आणि नावातच डोळा मारणारा स्मायली, असा ;-) . चिमटा असा की अमेरिकेत सर्किट सिटी या दुकानवाल्यांनी तेव्हा डिव्हएक्स याच नावाची डिस्क काढली होती, विकत आणा, पहिल्यांदा लावल्यापासून ४८ तास बघा, पुढे परत पैसे भरा, आणि प्लेयर टेलिफोनच्या वायरला जोडलेला. लोकांनी ती घेतलीच नाही, १९९९ च्या जूनमधे गुंडाळली. पळवाटेला त्याच कुलपाचं नाव.

त्याच वर्षी ऑक्टोबरमधे डीसीएसएस आलं, डीव्हीडीचं कुलूप उघडणारं. त्यात नॉर्वेचा यॉन योहानसेन नावाचा शाळकरी पोरगा होता, खटला झाला, २००३ ला दोन्ही कोर्टात सुटला, स्वतः विकत घेतलेली डीव्हीडी बघायला उघडली तर गुन्हा नाही म्हणून. म्हणजे १९९९ च्या शेवटी डीव्हीडी उघडायची किल्ली पण आली आणि तिच्यातला माल एका सीडीत दाबायचं यंत्र पण. पुढचं आपोआप झालं.

मग गेज आणि मंडळींनी कंपनी काढली, २००१ ला कोड खुला ठेवला, लोकांनी मदत केली आणि मग त्याच वर्षी दार बंद. चिडलेल्या लोकांनी त्या खुल्या कोडवरून आपला वेगळा सुरू केला आणि डिव्हएक्सची अक्षरं उलटी लावली, एक्सव्हिड. इंग्रजीत लिहून बघ. मामा बारकाईने वेगळं लिहायचा म्हणजे तो एक्सव्हिडवाल्या पार्टीतला असणार.

ह्यूस्टनचा_पाटील

त्या ४८ तुकड्यांबद्दल (का ४९?) मी सांगू शकतो. मी २००१ ला इकडे एमएसला आलो, होस्टेलला नेट असं होतं की सुरुवातीला विश्वास बसला नाही.

पिक्चर सगळ्यात आधी ज्यांच्याकडे यायचे ती टोळकी वेगळीच, ते आपसात एफटीपीवरून (फाइल पाठवायची जुनी पद्धत) पाठवायचे आणि त्यांचे लेखी नियम असायचे, एक सीडी का दोन, कुठला कोडेक, सगळं. नियमाने फाइल १५-१५ एमबीचे तुकडे करून पाठवायची. कारण एफटीपी मधे तुटलं तर अख्खे ७०० परत कोण आणणार, तेवढा एक तुकडा परत आणायचा. बरोबर एक छोटी एसएफव्ही फाइल, त्यात प्रत्येक तुकड्याचा चेकसम, म्हणजे तुकडा नीट आला का ते तपासायचा आकडा. सायली, ७०० एमबी म्हणजे साधारण ७३.४ कोटी बाइट आणि एक तुकडा दीड कोटी बाइटचा, भागून बघ, एक आरएआर आणि आर०० ते आर४७, एकूण ४९ व्हायला पाहिजेत. मोज.

आम्ही साधी माणसं काझा वापरायचो, एकमेकांच्या कॉम्प्युटरवरून फाइल उतरवायचा प्रोग्रॅम. काझाचा घोळ असा होता की फाइल तीच आहे का हे तपासताना तो अख्खी फाइल बघायचाच नाही. पहिले ३०० केबी, मग १ एमबीवर ३०० केबी, २ वर, ४ वर, ८ वर, असा उड्या मारत. ५१२ च्या पुढे तर शेवटचा तुकडा सोडला तर काहीच नाही. मग ज्यांना खोड्या काढायच्या त्यांनी, आणि यात म्युझिक कंपन्यांची माणसं पण आली, नेमक्या न तपासलेल्या जागेत कचरा भरायचा. तीन दिवस पिक्चर उतरवायचा आणि क्लायमॅक्सला खरखर. किंवा नाव एक आणि आत भलतंच, रूममेटची आई भारतातून आली होती तेव्हा तिच्यासमोर भक्तिपट म्हणून लावलेली फाइल काय निघाली ते इथे लिहीत नाही. नंतर युनिव्हर्सिटीकडून एक कडक पत्र आलं, तेव्हापासून सुधारलो. (काझा काढणाऱ्या झेनस्ट्रॉम आणि फ्रीस यांनीच २००३ ला स्काइप काढलं, प्रोग्रॅमर पण तेच इस्टोनियाचे. म्हणजे ज्यांच्यामुळे पत्र आलं त्यांच्याच कृपेने आईशी फुकट बोललो.)

हा घोळ बिटटॉरेंटने मिटवला. ब्रॅम कोहेनने २००१ च्या जुलैत आणलं. त्यात फाइलचे तुकडे प्रोटोकॉलच करतो, प्रत्येक तुकड्याचा हॅश (तपासणीचा आकडा) टॉरेंटमधे आधीच लिहिलेला, चुकीचा आला तर फेकून दुसऱ्याकडून मागतो. म्हणजे आरएआरचे तुकडे करायची गरजच उरली नाही, तरी टोळकीवाले पुढे कितीतरी वर्षं करतच राहिले, सोवळ्यासारखं.

व्हीसीडीवाल्याचा_मुलगा

सगळे फार गहिवरून लिहिताय म्हणून जरा उलटं लिहितो. नाशिकला माझ्या वडिलांची सीडी लायब्ररी होती, १० रुपये दिवस, डिपॉझिट ३००. कॅसेटचं दुकान होतं त्याचं २००० च्या सुमारास सीडीचं केलं, कर्ज काढून. २००४ पासून गिऱ्हाईक यायचं आणि तोंडावर सांगायचं, काका हा तर एमपी४ मधे आला पण, एका डीव्हीडीत सहा पिक्चर, फुटपाथवर ३० रुपये. हे तुमचं दोन पास आणि २७२ ला १६ ने भाग, त्याचं शेवटचं टोक तो फुटपाथ होता. तुम्ही सीड्या विकल्या नसतील, पण फाइल कुणीतरी बनवलीच ना.

मोझर बेअर या सीडी बनवणाऱ्या कंपनीने नंतर व्हीसीडी २८ रुपयांना आणि डीव्हीडी ३४ ला आणली, मराठी पिक्चर पण त्यात आले, ओरिजिनल डबीत, लोकांनी रांगा लावून घेतल्या. म्हणजे लोक पैसे द्यायला तयार होते, फक्त २८ रुपयाला तयार होते. पण २८ ला विकत मिळतंय म्हटल्यावर १० रुपये भाडं कोण देणार, लायब्ररी त्यानेच बंद झाली. २००९ ला वडिलांनी सगळा माल किलोवर दिला. तेव्हा सायली, पेटी ठेवायची की नाही ते बघ, पण हा पण त्यातलाच हिशोब आहे.

दोन_पास

मान्य आहे. मी काही खोडत नाही. मी फाइल बाहेर दिल्या नाहीत हे खरं, पण सेटिंग्ज कुठली वापरायची ते दहा जणांना शिकवलं हे पण खरं.

रात्रपाळी_२_ते_८

आमच्या गल्लीतल्या लायब्ररीवाल्या काकांकडे ओरखडे पडलेली सीडी परत दिली की ते केळ्याच्या सालीने पुसायचे आणि पुढच्याला द्यायचे. तुमचे वडील पण करायचे का?

व्हीसीडीवाल्याचा_मुलगा

टूथपेस्ट. केळ्याचं साल नाशकात चालत नव्हतं :)

जुनाट_पेंटियम

सायली, पिक्चर्सची फार काळजी करू नकोस, ते सगळे आज रीतसर कुठेतरी चांगल्या क्वालिटीत मिळतील. त्याच ७०० एमबीत आज एच२६५ या नव्या कोडेकने ६४० × २७२ सोड, ७२० पी सुद्धा बरं दिसतं. २००३ ला त्याच्या आधीचं एच२६४ आलं तेव्हापासूनच एक्सव्हिडचे दिवस भरत आले होते, पण एक्सव्हिड लवकर गेलं नाही कारण लोकांच्या घरातल्या चायनीज डीव्हीडी प्लेयरवर तेवढंच चालायचं. पण टीव्ही ट्यूनर कार्ड निघालंय म्हणालीस ना, त्याला व्हीसीआर जोडून कॅसेट कॉम्प्युटरवर घेता यायची, म्हणजे मामाने घरच्या व्हीएचएस कॅसेट पण कॅप्चर केल्या असण्याची दाट शक्यता आहे. ज्यांवर पिक्चरचं नाव नाही त्या सीड्या आधी बघ. ते दुसरीकडे कुठे मिळणार नाही.

सायली_साताऱ्याची

सगळ्यांना खूप थँक्यू, इतकं कुणी सांगेल वाटलं नव्हतं. रविवारचा रिपोर्ट देते.

काळी चित्रं व्हीएलसीत दिसली, डीआयव्ही३ च होतं. पुढे न सरकणारी इंडेक्स बनवल्यावर सरकते, शेवटची सहा मिनिटं नाहीत. बिननावाच्या चार सीड्या निघाल्या, दोन कोऱ्या, एकीवर मामाच्या कॉलेजचं गॅदरिंग आणि एकीवर आईचं साखरपुड्याचं शूटिंग, ३५२ × २८८, मागे एक माणूस सतत पंखा सरकवतोय. आईने तीनदा बघितलं आणि आता भंगाराचं नाव काढत नाही. लायब्ररीवाले दादा, तुमचं पण आईला वाचून दाखवलं, ती म्हणाली आमच्या इथल्या लायब्ररीवाल्याचं पण असंच झालं.

आणि तुकडे मोजले. ४८ आहेत. आर२३ नाही. मामाला व्हॉट्सअॅप केलं की २३ नंबर कुठे आहे, तर रात्री तीनला रिप्लाय आला, "तोच शोधत होतो. ती सीडी टाकू नकोस, शेजारच्या रूमच्या दिघ्याकडे आहे तो तुकडा, देतो म्हणालाय."